बा मायोचा चेहरा आणि जर्सीचा बर्फ

इथल्या, न्यू जर्सीच्या मराठी मंडळाच्या संपादिकाबाईंचा फोन आला. "काका, तुम्ही फिल्म लाईनमध्ये होतात ना? दिवाळी अंकाला काहीतरी द्या की. तुम्ही नुसतं बोला, मी टेप करते आणि मग लिहून काढते." मी म्हटलं, बाई, मला लिहिता येतं. चौथी पास आहे मी. चौथीपर्यंत जेवढी अक्षरं शिकवतात तेवढ्याच अक्षरांत इथले डॉक्टर-इंजिनियर पण लिहितात, पाचवीत काय नवीन अक्षरं देत नाहीत.

मग त्यांनी विचारलं, कुठल्या कुठल्या हिरॉइनींना जवळून बघितलं? सगळे हेच विचारतात. ज्या बाईला मी सगळ्यात जास्त काळ भिंगातून बघितलं, ती साठीच्या पुढची होती, तिचे पुढचे दोन दात पडलेले होते, आणि तिचं नाव इथं कुणी ऐकलेलं नाही. तिच्याबद्दलच लिहितो. छापायचं तर छापा.

माझी सुरुवात कोल्हापूरच्या स्टुडिओत रिफ्लेक्टर धरण्यापासून झाली. रिफ्लेक्टर म्हणजे काय, तर लाकडी फळी आणि तिला चिकटवलेला चांदीचा कागद. उन्हात उभं राहायचं, ऊन फळीवर पकडायचं आणि नटाच्या तोंडावर फेकायचं. नट हलला की आपण हलायचं. तो रडत असला तरी आपण त्याच्या डोळ्यांतच ऊन मारायचं. ह्या कामात शाळा लागत नाही, पण ऊन कुठून येतं आणि कशावर आपटून कुठं जातं एवढं डोक्यात कायमचं बसतं. पुढं मी कॅमेऱ्याचा असिस्टंट झालो. मग मुंबईचे एक साहेब आफ्रिकेत झांबियाला एका धरणाची फिल्म काढायला निघाले, ते मला घेऊन गेले. फिल्म झाली, साहेब परत आले. मी राहिलो.

का राहिलो, तर तिथं कॅमेरा चालवायला माणूसच नव्हता. मुंबईत माझ्यापुढं शंभर जण रांगेत होते. लुसाकात, म्हणजे त्यांच्या राजधानीत, रांगच नव्हती. देश नवा, सिनेमा त्याहून नवा. एक छोटं फिल्म युनिट होतं. मका कसा लावायचा, पाणी उकळून का प्यायचं, असल्या फिल्मा आम्ही काढायचो आणि गाडीत पडदा घालून गावोगाव दाखवायचो. बायको आणि पोरगा कोल्हापुरात. मी तिकडं. ह्याबद्दल घरात जे बोलून झालंय ते झालंय, अंकात नको.

आता धंद्यातली एक गोष्ट सांगतो, ती कळली की पुढचं सगळं कळेल.

कच्ची फिल्म ज्यांनी बनवली त्यांनी ती गोऱ्या माणसांसाठी बनवली. लॅबमध्ये रंग जुळवायला एक पट्टी असते, तिच्यावर एका गोऱ्या बाईचा फोटो. ती बाई गुलाबी दिसली की रंग बरोबर. मुंबईला पण असलीच बाई, लुसाकाची फिल्म जिथं धुवायला जायची तिथं पण असलीच. काळ्या माणसाचं काय होतं? उजेड मोजायचा मीटर सांगतो तसं एक्स्पोजर दिलं, म्हणजे तेवढाच उजेड आत घेतला, की मागचं आभाळ छान येतं, शर्ट छान येतो, आणि चेहऱ्याच्या जागी भोक.

मी स्वतः काळा आहे, कोल्हापूरच्या उन्हातला. मला ह्याचा राग यायचा. पण रागानं उजेड येत नाही. उजेड कसा येतो ते मला तालमीतल्या पैलवानांमुळं कळलं. तेल लावलेला काळा पैलवान आखाड्यात कोपऱ्यात उभा असला तरी अंगाचा कण नि कण दिसतो, कारण खिडकीचा उजेड त्याच्या अंगावर चकाकतो. काळ्या कातडीवर नुसता दिवा मारून उपयोग नाही, तिच्या समोर काहीतरी मोठं, पांढरं पाहिजे. त्याची चकाकी गालावर, कपाळावर उतरते आणि चेहऱ्याला आकार येतो. म्हणून मी झांबियात कुठंही गेलो की आधी चादरी मागायचो. लोकांना वाटायचं ह्याला झोप आलीय.

तर बा मायो.

बा मायो म्हणजे तिकडच्या बेंबा भाषेत आई, मान देऊन म्हणतात तसं. तिचं खरं नाव निराळं, पण आम्ही सगळे बा मायोच म्हणायचो. लुसाकापासून लांब एका खेड्यात राहायची. आमच्याकडं मुलेंगा नावाचा डायरेक्टर होता, आधी शाळेत मास्तर होता. त्यानं पहिली गोष्टीची फिल्म काढली, तेव्हा त्यात बा मायोला आत्याचं काम दिलं. कॅमेऱ्याला परदेशातून आलेला पाहुणा होता आणि मी त्याचा असिस्टंट. माणूस चांगला होता, पण मीटरवर त्याचा फार विश्वास.

फिल्म तिच्या गावात दाखवली. सगळं गाव जमलेलं. पडद्यावर बा मायो आली, म्हणजे तिचे दात आले, डोळ्यांचं पांढरं आलं, आणि बाकी काहीच आलं नाही. तिची नणंद मोठ्यानं ओरडली, "अंधारात दात कुणाचे हसतायत गं?" सगळं गाव हसलं. त्या दिवसापासून पोरं तिला 'दात' म्हणायला लागली. पाण्याला गेली तरी दात, बाजारात गेली तरी दात.

मुलेंगानं दुसरी फिल्म लिहिली ती मुद्दाम तिच्यासाठीच लिहिली. एक म्हातारी. तिचा मुलगा शिकायला अमेरिकेत जातो आणि तिथंच आजारानं मरतो. ज्या घरात तो भाड्यानं राहत असतो तिथली गोरी म्हातारी त्याचं सगळं करते, त्याला पुरते. मग ही आई एवढ्या लांब त्याची कबर बघायला आणि त्या बाईला भेटायला येते. बस, एवढीच गोष्ट.

आम्ही तिच्या गावी विचारायला गेलो. ती मका निवडत होती. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मला परत रात्र करणार असाल तर दुसरी बाई बघा."

मी पुढं झालो. "बा मायो, ह्या वेळी कॅमेऱ्यावर मी आहे. चेहरा दिसेल."

"नाही दिसला तर?"

"नाही दिसला तर मी कॅमेरा सोडतो. परत फळी धरतो."

ती हसली, ते दोन दात नसलेलं हसू. "तू कॅमेरा सोडून निघून जाशील रे. मला ह्याच गावात राहायचंय."

मी नुसतं परत म्हणालो, दिसेल. ती आली.

झांबियातलं शूटिंग नीट झालं, चादरींच्या जोरावर. राहिलं अमेरिकेचं. ह्याच ऐंशीच्या दशकातली, काही वर्षांपूर्वीची गोष्ट. तोवर माझा मुलगा विलास इंजिनियर होऊन इथं पार्सिपनीला आलेला होता. युनिटकडं हॉटेलची ऐपत नव्हती. मी विलासला फोन केला, म्हटलं चौघं येतोय, थंडीत येतोय, बर्फ पाहिजे. तो म्हणाला, "बाबा, लोक बर्फ टाळून येतात." सूनबाई नंदानं फोन घेतला. "बाबा, त्या बाई जेवतात काय?" मी म्हटलं, मक्याचं पीठ. "मग काय प्रॉब्लेम नाही. इथं सगळ्या ग्रोसरीत मिळतं."

मुलेंगा, साउंडवाला, बा मायो आणि मी. विलासच्या घरात आम्ही खालच्या मजल्यावर पथाऱ्या टाकल्या. दुसऱ्याच दिवशी बा मायोनं नंदाच्या गॅसवर शिमा केला. शिमा म्हणजे पांढऱ्या मक्याच्या पिठाची घट्ट उकड म्हणा. नंदानं मागवलेलं पीठ पिवळं निघालं. बा मायोनं ते बोटात घेऊन चोळलं आणि मला म्हणाली, "हे कोंबड्यांचं आहे." मी नंदाला सांगितलं, त्यांना आवडलं म्हणून. धंद्यात असं सांगावं लागतं. पण नंदाची आमटी मात्र तिनं शिम्याचे गोळे बुडवून बुडवून खाल्ली.

समोरच्या घरात डोरोथीबाई राहायच्या. निवृत्त शाळामास्तरीण, एकट्या. विलासनं त्यांना विचारलं, त्या गोऱ्या म्हातारीचं काम कराल का? त्या म्हणाल्या, "त्यासाठी मला काय करावं लागेल?" विलास म्हणाला, काही नाही, म्हातारं असावं लागेल. त्या म्हणाल्या, "ते मला जमतंय."

पहिला बर्फ पडला तसे आम्ही गावाबाहेरच्या कबरस्तानात गेलो. त्यांनी परवानगी दिली होती. ढगाळ उजेडात, पडत्या बर्फात, लिहिल्याप्रमाणं सगळा प्रसंग शूट केला आणि फिल्म न्यूयॉर्कच्या लॅबला धुवायला पाठवली. लॅबचा निरोप आला की येऊन बघा. बघतो तर काय, सगळ्या फिल्मवर विजा! झाडाच्या फांद्यांसारख्या बारीक पांढऱ्या विजा, बा मायोच्या तोंडावरून, डोरोथीबाईंच्या कोटावरून. मुलेंगानं डोकं धरलं.

लॅबमध्ये सॅम नावाचा जाड लाल मिशांचा माणूस होता. फिल्मचे रंग जुळवणं हे त्याचं काम, त्याला ग्रेडर म्हणतात. त्यानं माझ्याकडं बघितलं, माझ्या जाकिटाची बाही दोन बोटांत धरली आणि म्हणाला, "नायलॉन?"

आता बघा. फिल्म कॅमेऱ्यात भरायची तर अंधारात भरावी लागते. त्यासाठी काळ्या कापडाची पिशवी असते, तिला दोन बाह्या असतात, त्यातून हात घालून चाचपत चाचपत काम करायचं. हे काम मी कोल्हापूरच्या घामात केलंय, झांबियाच्या धुळीत केलंय. पण जर्सीच्या थंडीत, हिटर लावलेल्या कोरड्या घरात, विलासनं प्रेमानं घेतलेलं नायलॉनचं जाकीट आणि आत लोकरीचा स्वेटर घालून कधी केलं नव्हतं. इथं दाराच्या मुठीला हात लावला तरी चटका बसतो हे तुम्हाला माहीत आहे. तोच चटका पिशवीत फिल्मला बसला. लुसाकाच्या कुठल्याही माणसाकडून हे असंच झालं असतं.

आता एकच रोल शिल्लक होता. नवीन फिल्म मागवायची तर वरून परवानगी येईपर्यंत आमचा व्हिसा संपला असता. प्रसंग परत काढायचा होता, आणि तो एकदाच काढता येणार होता.

तो रोल भरायच्या दिवशी मी अंगावर नुसतं सुती बनियन घातलं आणि नंदाला म्हटलं, घरात वाफ पाहिजे, हवा ओली असली की चटका बसत नाही. भरपूर. ती म्हणाली, कुकर लावू? मी म्हटलं, लाव. सकाळपासून तिनं कुकरवर कुकर लावले. भात, डाळ, बटाटे, परत भात. शिट्टी काढून ठेवलेली, वाफ सगळ्या स्वयंपाकघरात. खिडक्यांच्या काचांवरून पाणी ओघळायला लागलं. विलास ऑफिसातून आला आणि दारातच थबकला. "काय चाललंय? आणि एवढा भात कोण खाणार?"

नंदा म्हणाली, "तुझे बाबा सिनेमा काढतायत. गप बस आणि खा."

त्या वाफेत बसून मी रोल भरला. एक चटका नाही. भात आम्ही चार दिवस खात होतो. डोरोथीबाईंना पण दिला.

दुसरा बर्फ पडला, आणि सकाळी तो थांबून लख्ख ऊन पडलं. आम्ही कबरस्तानात पोहोचलो तर मुलेंगाचं तोंड उतरलेलं. त्याला पडता बर्फ पाहिजे होता. पडत नसेल तर निदान दूरवर पसरलेला तरी. तो लांब टेकाडाकडं बोट दाखवून म्हणाला, "कॅमेरा तिथं वर लाव. खाली सगळं पांढरं रान आणि मध्ये दोन बायका, मुंगीएवढ्या."

मी म्हटलं, "मुंगीला चेहरा नसतो."

"आमच्या लोकांनी जन्मात बर्फ बघितलेला नाही. ते बर्फ बघायला येणार आहेत."

"मग बर्फाचीच फिल्म काढ. हिला कशाला आणलीस एवढ्या लांब?"

"डायरेक्टर मी आहे."

"मग कॅमेरा पण तूच चालव."

असं आमचं चाललं होतं. खरं सांगायचं तर जवळून घेतलं तरी मला पेच होताच. त्या प्रसंगात दोघी समोरासमोर उभ्या राहून हात मिळवणार असं लिहिलेलं होतं. बा मायो उभी राहिली की तिच्या डोक्यामागं पांढरं जळतं आभाळ. चेहरा उजळायला जाल तर आभाळ भडकणार, आभाळ सांभाळाल तर परत दात. चादरी आणल्या होत्या, पण वारा असा की दोन्ही बाजूंनी धरून बघितलं तर शिडासारख्या उडायला लागल्या. वाऱ्यामुळंच मी ट्रायपॉडचे पाय आखूड करून कॅमेरा कमरेएवढा खाली ठेवला होता.

बा मायोनं मला विचारलं, "दोघं कशावरून भांडताय?"

मी सांगितलं. तिनं त्यांच्याकडचं छापील लुगडं, त्याला चितेंगे म्हणतात, ते कोटावरून घट्ट गुंडाळलं आणि कबरीजवळ जाऊन उभी राहिली.

शेवटी मुलेंगा माझ्यावर हात झटकून म्हणाला, घे जवळून, पण बर्फ दिसला पाहिजे. मी कॅमेरा चालू केला. डोरोथीबाई पाठमोऱ्या, त्यांचा खांदा माझ्या फ्रेमच्या कडेला. समोर बा मायो, आणि तिच्या मागं ते आभाळ. माझ्या मनात आलं, झालं, परत दात.

डोरोथीबाईंनी ठरल्याप्रमाणं हात पुढं केला. बा मायोनं तो हातात घेतला नाही. ती खाली बसली. गुडघे टेकून, बर्फात, सरळ. आणि दोन्ही हात एकमेकांवर हळू हळू वाजवायला लागली. असल्या टाळीला आवाज नसतो, नुसती हवा हलते.

हे लिहिलेलं नव्हतं. मुलेंगा ओरडायला निघाला होता, साउंडवाल्यानं त्याच्या तोंडावर हात ठेवला. मी तिच्याबरोबर कॅमेरा खाली झुकवला. आणि भिंगात बघितलं तर आभाळ गेलेलं होतं. आता तिच्या मागं कबरस्तानाचं काळंभोर कुंपण होतं. कबरीपुढं खोलीएवढा एक तुकडा होता, तिथल्या बर्फावर कुणाचा पाय पडला नव्हता आणि ऊन थेट त्याच्यावर पडत होतं. ती उभी होती तोवर तो तुकडा तिच्यापासून लांब, खाली. आता तिच्या हनुवटीखाली. जगातल्या कुठल्या स्टुडिओत एवढी मोठी चादर नाही. तिनं मान वर केली आणि गालाचं हाड, कपाळाच्या आठ्या, डोळ्यांखालच्या पिशव्या, ओठावरची भेग, सगळं मला दिसलं.

डोरोथीबाई काही नटी नव्हत्या. समोरची बाई खाली बसलेली आणि आपण उभ्या, हे त्यांना सहन होईना. त्यांचे गुडघे दुखायचे, आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. त्या एका हातानं कबरीचा दगड धरून हळू हळू खाली बसल्या. आणि कसं वाजवायचं ते न कळून त्यांनी बा मायोचे ते वाजणारे हात आपल्या दोन्ही हातांत धरले. तिथं रोल संपला.

डोरोथीबाईंना उठवायला आम्ही तिघं लागलो. उठल्यावर त्या गाडी घेऊन आलेल्या विलासला म्हणाल्या, "हे तू मला सांगितलं नव्हतंस."

मी बा मायोला विचारलं, "चेहरा दिसावा म्हणून खाली बसलीस?"

ती माझ्याकडं वेड्याकडं बघावं तशी बघायला लागली. "ज्या बाईनं माझ्या पोराला माती दिली, तिच्यासमोर मी उभी राहू? पहिल्या वेळी कागदावर होतं म्हणून राहिले, ते मला टोचत होतं. मुलेंगा शहरात राहून विसरला असेल. तू पण विसरलास?"

मी विसरलो नव्हतो. मी तिकडं एवढी वर्षं बायकांना मोठ्या माणसांसमोर गुडघ्यावर बसून टाळ्या वाजवताना बघितलं होतं. पण चादरी शोधणाऱ्या माणसाला ते सुचलं नाही, एवढं लिहितो आणि पुढं जातो.

पेच अजून संपला नव्हता. फिल्म धुतली, ह्या वेळी वीज नाही. पण धुतलेल्या फिल्मवरून प्रिंट काढताना ती गडद काढायची की फिकी, हे लॅबमध्ये ठरवता येतं. सॅम टीव्हीसारख्या पडद्यावर चित्र बघायचा आणि समोरची बटणं फिरवायचा. तो म्हणाला, बर्फ फार भडकलाय, त्यात काहीच दिसत नाही, मी जरा गडद करतो. त्यानं बटण फिरवलं. बर्फात पावलं दिसायला लागली, कणाकणाची चमक आली. फार सुंदर दिसत होतं. आणि बा मायो परत रात्रीत गेली.

मुलेंगा खूष. "हेच! असंच ठेव!"

मी म्हटलं, "नो."

माझं इंग्रजी सेटवरचं. मोर, लेस, कट, वन्स मोर. तेवढ्यावर मी सॅमला म्हटलं, "फेस, यस. स्नो, फर्गेट." मुलेंगा मध्ये पडला. सॅम आमच्या दोघांकडं आळीपाळीनं बघत राहिला. त्याच्या टेबलावर ती पट्टी होती, गुलाबी बाईची. मी बाहेर गेलो. बा मायो बाकावर बसून विलासशी खुणांनी काहीतरी बोलत होती. मी तिला हाताला धरून आत आणली आणि सॅमच्या पडद्याशेजारी खुर्चीत बसवली. टेबलावरचा दिवा तिच्याकडं वळवला. पट्टी उलटी करून ठेवली.

"लाईक धिस," मी म्हटलं.

सॅमला आणखी सांगायला लागलं नाही. तो चांगला कारागीर होता. त्यानं तिच्याकडं बघितलं, पडद्याकडं बघितलं, बटण थोडं फिरवलं. परत तिच्याकडं. बराच वेळ हे चाललं. कुणी माप घेत असावं तशी बा मायो सरळ बसून होती. हळू हळू पडद्यावरची बाई आणि खुर्चीतली बाई एकसारखी झाली. आणि बर्फ गेला. नुसतं पांढरं.

मुलेंगा मला बाजूला घेऊन म्हणाला, आवाज चढवला नाही, "तू माझा बर्फ मारलास. बर्फ कळला नाही तर लोक फसवणूक म्हणतील."

मी म्हटलं, "लोक बर्फ बघून घरी जातील. हिला गावात राहायचंय."

तो टेबलाशी परत गेला. मग सॅमला म्हणाला, "हा म्हणतो तसं कर." एवढ्यासाठी मी त्या माणसाला मानतो. डायरेक्टर तोच होता, त्याला नाही म्हणता आलं असतं.

फिल्म तयार झाली आणि आम्ही गाडी घेऊन तिच्या गावी गेलो. तीच गाडी, तोच पडदा, तेच लोक, तीच नणंद पुढं बसलेली. कबरस्तानाचा प्रसंग आला आणि पोरं ओरडली, "पीठ! किती पीठ सांडलंय!" सगळं गाव हसायला लागलं. एक म्हातारा म्हणाला, "एवढं पीठ पायाखाली आणि ही रडतेय कशाला?" मुलेंगानं माझ्याकडं बघितलं. मी त्याच्याकडं बघितलं नाही. त्याचं बरोबर होतं. बर्फ कुणालाच कळला नाही. लुसाकात पण कळला नाही. एका पेपरवाल्यानं लिहिलं म्हणे, की अमेरिकेचं शूटिंग चुन्याच्या खाणीत केलेलं दिसतंय. ह्याचं मला आजही वाईट वाटतं. एवढ्या लांब जाऊन आणलेला बर्फ होता तो.

पण मग ती गुडघ्यावर बसली, तिनं मान वर केली, आणि हसणं थांबलं. कुणी गप्प बसवलं नाही, आपोआप थांबलं. बायकांमधून हळू टाळ्यांचा आवाज आला, तोच, हवा हलवणारा. त्या पडद्यावरच्या बाईला उत्तर देत होत्या. तिची नणंद पण वाजवत होती. ती काय म्हणाली ते माझ्या शेजारच्यानं मला नंतर सांगितलं. ती म्हणाली, "आईसारखी दिसते. मला कधी कळलं नव्हतं, परक्या घरची असून आमच्या आईसारखी दिसते."

फिल्म संपल्यावर मी बा मायोकडं गेलो. छाती काढूनच गेलो, खोटं कशाला बोलू.

"दिसला की नाही चेहरा?"

"मी कुठं बघितला?" ती म्हणाली. "मी ह्यांच्याकडं बघत होते."

ती आता नाही. मुलेंगाचा फोन आला होता. पोरं तिला शेवटपर्यंत काय म्हणायची, असं मी त्याला विचारलं. तो म्हणाला, 'अमेरिका' म्हणायची.

युनिटचं पुढं काही फारसं झालं नाही. मी इथं विलासकडं येऊन राहिलो. समोर डोरोथीबाई अजून आहेत, गुडघ्यावरून मला अजून बोल लावतात. मंडळातले लोक हल्ली व्हिडिओ कॅमेरे घेऊन हिंडतात आणि बर्फ पडला की पोरांना अंगणात उभं करून फोटो काढतात. मग माझ्याकडं येतात. "काका, बघा ना, चेहरे काळे येतात. कॅमेरा खराब आहे का?" मी म्हणतो, कॅमेरा चांगला आहे, खाली बसवा त्यांना. जिथं कुणी चाललेलं नाही तिथल्या बर्फासमोर, गुडघ्यावर. पोरं म्हणतात, "व्हाय?" पॅन्ट ओली होते म्हणतात. मी हट्टी म्हातारा आहे हे सगळ्यांना माहीत आहे, म्हणून शेवटी बसतात.

चेहरे छान येतात. हे मी शोधून काढलं असं सगळे समजतात. मी प्रत्येक वेळी सांगतो की नाही, हे बा मायोचं आहे. ती कोण, असं आजवर कुणी विचारलं नव्हतं, म्हणून इथं लिहिलं.